खोट्या पाटीचा मूकपट

मी एक जुना मूकपट आहे, मित्रांनो, आणि माझे डोके अजून तापलेले आहे.

परक्या फौजेला गावाबाहेर काढणाऱ्या तेवीस स्वयंसेवकांची गोष्ट माझ्यात आहे. पडद्यावर तुम्हाला चारशे दिसतील. तेच तेवीस जण टेकडीमागून धावत जाऊन पुन्हा पुन्हा पुढून यायचे. सातव्या फेरीला एकाचा जोडा चिखलात राहिला, तोही माझ्यात आहे. त्यांचा म्होरक्या गावचा बेकरीवाला. लढाईतही तोच, पडद्यावरही तोच.

लोक मला पाहताना खुर्च्यांवर उभे राहत. मग काही वर्षांनी ती फौज परत आली. तिच्या अधिकाऱ्याने मला जाळले नाही. जाळले असते तर बरे. आम्हा मूकपटांचे बोलणे पाट्यांवर लिहून मध्ये मध्ये दाखवतात. त्याने चित्रे तशीच ठेवली आणि पाट्या तेवढ्या बदलल्या. बेकरीवाला बंदूक घेऊन एका दारात उभा राहतो, पाठोपाठ पाटी येते : 'दागिने काढ, म्हातारे, नाहीतर घर पेटवतो.'

फौज गेली, पाट्या राहिल्या. कोणी तपासले नाही. साठ वर्षे मी एका भल्या माणसाला दरोडेखोर म्हणत फिरलो, आणि त्याच्या नातीला शाळेपासून सगळे 'दरोडेखोराची नात' म्हणत आले.

ती नात, शिवणकाम करणारी, एके दुपारी मला पाहायला चित्रपट-संग्रहालयात आली. लहानपणी तापात तिचे कान गेले होते; जीभ मात्र शाबूत.

"आजोबा असं बोलतच नाहीयेत," ती व्यवस्थापकांना म्हणाली. "ते म्हणताहेत, 'काकू, मागच्या दाराने निघा. मी इथे थांबतो.'"

"बाई, मूकपट आहे हा. तुम्हाला ऐकू कसं आलं?"

"तुम्हाला ऐकू येतं म्हणून तुम्ही पाट्या वाचता. मी ओठ वाचते. आत्ता तुम्ही तोंडातल्या तोंडात 'काय कटकट' म्हणालात, तेही वाचलं."

तो प्रसंग तीनदा लावला. तिसऱ्यांदा व्यवस्थापकांचेही ओठ हलले : 'काकू, मागच्या दाराने...'

"दिसतंय खरं," ते म्हणाले. "पण पाटी जुनी आहे. हात लावता येणार नाही."

"आजोबा पाटीहून जुने आहेत."

तरी पाटी आहे तिथेच आहे. म्हणून मी लागलो की ती पडद्याशेजारी उभी राहते आणि आजोबांचे शब्द मोठ्याने बोलते.

मित्रांनो, धुळीपासून, ओलाव्यापासून आम्हाला जपाच. ती पाटीही जपा हवी तर. पण ती कोणी लिहिली, तेही तिच्याखाली लिहा. तोवर ही बाई काही हलणार नाही. साठी ओलांडली आहे तिने. निदान तिला खुर्ची तरी द्या.