शिवार कुणी केले, ते मला ठाऊक आहे

गेली दहा मिनिटे या खोलीत कुणीही बोललेले नाही. संयोगिता माझ्यासमोर खुर्चीवर बसली आहे. तिचा धाकटा भाऊ वीरधवल तिच्या पाठीमागे भिंतीला टेकून उभा आहे. दाराजवळच्या पलंगावर त्यांचे वडील लालासाहेब वर्तमानपत्र धरून बसले आहेत. पान मात्र उलटलेले नाही. उद्याच्या मुलाखतीसाठी वीरधवलने संगणकाच्या पडद्यावर छोटा कॅमेरा बसवला आहे, त्याच्या काचेतून मला हे सगळे दिसते. संयोगिताने आत्ताच माझ्या पोटातली एक लहानशी फाइल उघडली. शिवार बनवणाऱ्याचे नाव त्या फाइलीत असते. तिथे दोन नावे होती. आता एकच आहे, आणि ते तिचे नाही.

मी एक जुना खेळ आहे, मित्रांनो. मित्रांनो हा शब्द मी नाइलाजाने वापरतो आहे. माझ्याशी मैत्री करायला आलेल्या बहुतेकांनी माझ्यात काही ना काही कोंबले, आणि मला धाप लागली तेव्हा मलाच शिव्या दिल्या. तुम्ही वेगळे असाल, असे मानायला माझ्याजवळ काही कारण नाही.

मी शेतीचा खेळ. संगणकावर ट्रॅक्टर चालवायचा, नांगरायचे, पेरायचे, कापायचे. मला घडवणारे लोक दूरच्या थंड मुलखातले होते. त्यांनी मला गहू दिला, मका दिला, हिवाळ्यात पडणारा बर्फ दिला. ऊस दिला नाही. बांध दिला नाही. माझी जमीन तेव्हा इतकी सपाट, इतकी निर्मनुष्य होती की ती कुणाचीही असू शकली असती.

आठ वर्षांपूर्वी कोरेगावच्या अलीकडे असलेल्या या घरात मी आलो. संयोगिता तेव्हा साताऱ्यात डिप्लोमा करत होती आणि वीरधवल दहावीत होता. आठवडाभर मला चालवून तो कंटाळला.

“ह्यात आपलं कायच न्हाई, आक्का,” तो म्हणाला.

“मग आपलं घालू की,” ती म्हणाली.

त्या दिवशी माझे खरे आयुष्य सुरू झाले. मूळ खेळात नसलेली, खेळणाऱ्यांनी मागाहून स्वतः बनवून जोडलेली जी वस्तू असते तिला मॉड म्हणतात. संयोगिताने पहिला मॉड बनवला तो जमिनीचा. घरामागचे सगळे शिवार तिने माझ्यात उतरवले. लालासाहेब तोफखान्यातून हवालदार म्हणून निवृत्त झालेले. पावलांनी अंतर मोजण्यात त्यांचा हात धरणारा कुणी नव्हता. उन्हाळ्याच्या सुट्टीत बापलेक सकाळी बांधावरून चालत, आणि दुपारी तिच्या वहीतले आकडे माझ्यात भरले जात तेव्हा लालासाहेब शेजारी खुर्ची ओढून बसत.

“विहिरीपास्नं चिंचंपतोर एकशे अठ्ठेचाळीस,” ते म्हणत. “तू दीडशे धरलंस. दोन पावलं कुठनं आणलीस?”

“आबा, खेळ हाय हो.”

“आसूंदे. फौजेत दोन पावलांच्या चुकीनं गोळा आपल्याच माणसांवर पडतो.”

ती दोन पावले ती खोडत असे. अशी एकेक पावले खोडून, एकेक भरून माझी जमीन उभी राहिली. तिला उतार आला, ओघळ आली, पाटाच्या कडेला कायम ओला राहणारा एक तुकडा आला. मी तोवर नकाशा होतो. त्या उन्हाळ्यात मला पाय ठेवण्यासारखी जागा मिळाली.

वीरधवलने ट्रॉल्या बनवल्या. एका ट्रॅक्टरमागे दोन, लाल, उसाने भरलेल्या, वळणावर अंग सोडून डुलणाऱ्या. त्याने हॉर्न बनवला, ट्रॅक्टरच्या छतावरचे भोंगे बनवले. त्या ट्रॉल्या उत्तम होत्या, हे मी त्याच्यावरच्या रागातही नाकारत नाही. दोघांनी मिळून ते सारे इंटरनेटवर ठेवले, तेव्हा आष्ट्याच्या कुणी एकाने लिहिले होते, “ओघळीपाशी आमचीबी ट्रॉली हितंच कलांडती.” संयोगिताने ते वाक्य मोठ्याने वाचले होते. माझ्या वाट्याला आलेली ती सर्वांत मोठी स्तुती.

देखभाल कशी असते, ते मी तेव्हा पाहिले. दर दुसऱ्या रविवारी ती मला झाडून काढी. कुठला मॉड आधी उघडायचा, कुठला नंतर, याची यादी तिने वहीत ठेवली होती: आधी शिवार, मग रस्ते, मग ट्रॉल्या. एका वस्तूवर दुसरी चढली तर जी नंतर येते ती पहिलीला झाकून टाकते. म्हणून क्रम महत्त्वाचा. काहीही काढण्यापूर्वी ती माझी एक प्रत बाजूला ठेवी. माझे मूळ निर्माते परस्पर नवी आवृत्ती पाठवत, तेही तिने बंद करून टाकले होते, कारण नवी आवृत्ती आली की जुने मॉड माझ्यात परके होतात.

मग तिला साताऱ्याच्या औद्योगिक वसाहतीत नोकरी लागली आणि ती तिथेच खोली घेऊन राहू लागली. मी वीरधवलच्या हाती उरलो.

मित्रांनो, उपेक्षा म्हणजे अडगळीत पडणे, असे तुम्हाला वाटत असेल. माझी उपेक्षा रोज मला चालवून झाली. वीरधवल जे दिसेल ते माझ्यात ओतू लागला. परदेशी शर्यतीची मोटार आणली. माझ्या ओघळीवर परीकथेतला किल्ला आणला. तीन वेगवेगळे पाऊस आणले, आणि ते तिन्ही एकाच वेळी पडू लागले: एक सरळ, एक तिरपा, आणि एक जमिनीतून वर. एखादी वस्तू नकोशी झाली की तो ती फाइल उडवून टाकी. पण तिच्या आठवणी माझ्यात तशाच राहात, आणि मी दर वेळी उघडताना त्या नसलेल्या वस्तूला हाक मारत बसे. सापडले नाही, सापडले नाही, असे मी माझ्या नोंदवहीत हजारो वेळा लिहिले आहे. ती नोंदवही त्याने एकदाही वाचली नाही. शेवटी माझ्यात दोनशे बारा मॉड झाले. चिंचेच्या झाडाला एक ट्रॅक्टर उलटा लटकत होता, आणि त्याचे इंजिन चालू होते.

गेल्या वर्षी हे सगळे घर एका सकाळी कोरेगावच्या कचेरीत जाऊन आले. परत आल्यावर याच खोलीत लालासाहेब म्हणाले, “झाली पोरीची सही. एक काम मिटलं.” जमिनीतला आपला हिस्सा भावासाठी सोडल्याचा तो कागद होता. त्या दुपारी संयोगिता माझ्यासमोर येऊन बसली. तिने ट्रॅक्टर घेतला नाही, काही पेरले नाही. माझ्यातल्या पाटाच्या कडेला त्या ओल्या तुकड्यात ती अर्धा तास नुसती उभी राहिली. मग मला बंद करून साताऱ्याला निघून गेली.

आणि तीन आठवड्यांपूर्वीची गोष्ट. खेळ बनवणाऱ्या पुण्याच्या एका कंपनीला माणूस हवा होता. वीरधवलने अर्जात लिहिले की शिवार मी बनवले आहे. मग त्याने ती छोटी फाइल उघडून बहिणीचे नाव पुसले. एवढ्यावर थांबला असता तर मी कदाचित चालतही राहिलो असतो. पण शिवाराच्या फोल्डरवरही तिचे नाव होते: संयोगिता-शिवार. ते त्याने वीरधवल-शिवार केले. या सगळ्याला त्याला चार मिनिटे लागली. तो शीळ घालत होता.

त्यानंतर मी उघडलो नाही. माझ्यातल्या चाळीस वस्तू, त्याच्या स्वतःच्या ट्रॉल्यांसह, तिचे नाव घेऊन जमीन मागत होत्या, आणि त्या नावाची जमीन कुठे नव्हती. वीरधवलला हे कळले नाही. बिघाड दूर करायला म्हणून त्याने आणखी मॉड ओतले. उद्या सकाळी अकरा वाजता कंपनीची माणसे त्याला हे शिवार चालवून दाखवायला सांगणार आहेत. म्हणून काल त्याने बहिणीला फोन केला.

ती आज सकाळच्या एसटीने आली. आधी तिने माझी प्रत बाजूला ठेवली. मग सगळे मॉड काढले आणि मला तसेच उघडे चालवून पाहिले. आठ वर्षांनी मी पुन्हा त्या गव्हाच्या मुलखात जागा झालो. मग तिने निम्मे मॉड परत घातले. मी चाललो, म्हणजे दोष उरलेल्या निम्म्यात. त्यांचे पुन्हा दोन भाग केले, पुन्हा चालवले. असे निवडत निवडत दुपारी बाराच्या सुमारास ती माझ्या नोंदवहीतल्या त्या एका ओळीपाशी पोचली, तिथून फोल्डरपाशी, आणि तिथून त्या छोट्या फाइलीपाशी. सुरुवातीला सांगितली ती शांतता हीच.

शेवटी लालासाहेबांनी पेपर खाली ठेवला.

“घावलं का बिघाड कशात हाय ते?”

“घावला,” संयोगिता म्हणाली. “नाव बदललंय.”

“कुणाचं?”

“माझं.”

वीरधवल हसला. ते हसू चांगले नव्हते. “नावानं काय हुतंय गं, आक्का? खेळ हाय त्यो. सातबारा हाय व्हय?”

“सातबाऱ्यातनं बी सुटलेच की मी. तवा काय बोलले का?”

“तू सही केलीस. कुणी हात धरून करून घेतली न्हाई.”

“व्हय. हितं तर सहीला बी बोलावलं न्हाईस.”

वीरधवल भिंतीपासून पुढे आला. “तुला नोकरी हाय. तुला काय करायचंय ह्याचं? माझं उद्या हुतंय न्हाईतर न्हाई.”

“मग ट्रॉल्या दाव त्यांना. त्या तुझ्या हायत. लय भारी केल्यास. त्यावर मी कवा हक्क सांगितला?”

“नुसत्या ट्रॉल्या काय हवंत चालवू? खाली जमीन लागती.”

“लागती न्हवं?” ती म्हणाली.

लालासाहेबांनी घसा खाकरला. “भावाभनीत माझं-तुझं कसलं लावलंय. कुणाचंबी नाव आसलं तर घरातच हाय.”

संयोगिता खुर्चीसकट त्यांच्याकडे वळली. “आबा, बांधावरनं पावलं कुणी मोजली? तुमी आन आनखी कुणी?”

ते तिच्याकडे पाहात राहिले. त्यांना आठवत होते. आठवणारा माणूस कसा दिसतो, ते मी या कॅमेऱ्यातून प्रथमच पाहिले. मग त्यांनी पेपर पुन्हा तोंडासमोर धरला आणि त्याच्या आडून म्हणाले, “आसंल की. लय वर्सं झाली त्याला.”

ती परत माझ्याकडे वळली. शिवाराच्या फोल्डरवर तिने माउसचा बाण आणून ठेवला. पुसायची एक कळ दाबली की आठ वर्षे गेली असती. बाजूला ठेवलेली प्रतही तिच्याच हातात होती. वीरधवलला ते कळले.

“आक्का. आसं करू नगंस.”

तिने कळ दाबली नाही. मी खरे सांगतो, तिने ती दाबावी असे मला वाटत होते. मी या घरात कुणाच्याही उपयोगी पडू इच्छित नव्हतो.

पुढचा दीड तास तिने मला साफ केले. तिन्ही पाऊस काढले, किल्ला काढला, झाडावरचा ट्रॅक्टर खाली उतरवला. नसलेल्या वस्तूंच्या आठवणी एकेक करून मिटवल्या. दोनशे बारांतले एक्केचाळीस ठेवले. फोल्डरचे जुने नाव परत केले. आणि मग तिने एक नवी गोष्ट केली, जी आधी कधी नव्हती. मी उघडतो तेव्हा दिसणाऱ्या पहिल्याच पडद्यावर, बांधाच्या चित्रावर, तिने दोन ओळी लिहिल्या. शिवार: संयोगिता. ट्रॉल्या आणि हॉर्न: वीरधवल.

मी उघडलो. आठ वर्षांत इतक्या हलक्या अंगाने मी कधी उघडलो नव्हतो. ट्रॉल्या निघाल्या, ओघळीपाशी डुलल्या, पुढे गेल्या.

मित्रांनो, जुन्या वस्तूंची निगा राखा, असे सांगून माझ्यासारख्याने थांबायचे असते. तेवढे सांगून मी तुम्हाला सोडणार नाही. वीरधवलही मला रोज हाताळत होता. निगा राखायची असेल तर वस्तू कुणाच्या हातून उभी राहिली ते आधी विचारा, आणि ते नाव जिथे लिहिले असेल तिथे राहू द्या. ते पुसून वस्तू वापरणाऱ्याला मी माफ करत नाही. तो तुमच्यातला कुणी असेल, तर मी त्याच्यासाठी उघडणार नाही.

वीरधवल पडद्यावरच्या दोन ओळी वाचत उभा होता. संयोगिताने माझी बाजूला ठेवलेली प्रत पेनड्राइव्हवर घेतली, पेनड्राइव्ह पर्समध्ये टाकला आणि ओढणी नीट केली.

“हे पयल्याच पडद्यावर कशाला?” त्याने विचारले. “मी त्यांना लिवून दिलंय समदं मीच केलं म्हणून. उद्या मी काय तोंड दावू?”

ती चपला घालत होती.

“आक्का, तुला इचारतोय. तुझं नाव मी हितनं काढलं, तर पुन्हा बंद पडंल का?”

पेपरमागून लालासाहेबांनीही मान वर केली. संयोगिताने दुसऱ्या चपलेचा पट्टा लावला, पर्स खांद्याला अडकवली, आणि एसटीच्या थांब्याच्या दिशेने चालू लागली.