वहिवाट

माठावरचा पेला खळ्ळकन फरशीवर पडला आणि भिंतीला टेकेपर्यंत गोल गोल फिरत राहिला. बाया दचकल्या. पहाटेपासून त्या घरात कुणी मोठ्यानं खोकलंही नव्हतं. सहा वर्षांची पाली रडू गिळून आईकडे बघत उभी होती. "पाणी पाहिजे होतं," ती पुटपुटली. लुंबिनीनं तिला जवळ ओढलं, पदरानं तिचे ओले पाय पुसले आणि पेला भरून तिच्या ओठाला लावला. समोर पांढऱ्या साडीत सुमनबाईला निजवलं होतं. लुंबिनीची सासू. कालच तिनं पालीच्या दोन वेण्या घातल्या होत्या, त्या अजून सुटल्या नव्हत्या.

स्मशानाची वाट मोकळी आहे का ते बघायला गेलेली माणसं परत आली. सासरा ज्ञानोबा उंबऱ्यातच बसला.

"बाभळीच्या फांद्या आडव्या टाकल्यात बांधावर. अमृतअप्पा म्हनला, हरभरा उभा हाय, मढं न्हाई जायचं."

 शिरूर अनंतपाळ तालुक्यातल्या या येळसांगवीत बौद्धवाड्याला आणि मातंग वस्तीला स्मशानशेड मिळालं ते लुंबिनीमुळे. लग्न होऊन आलेली वकील पोरगी राखीव जागेवर सरपंच झाली आणि पहिलं काम तिनं हेच केलं. ओढ्यापलीकडच्या गायरानात शेड उभं राहिलं. पण तिथवर जायला अमृतरावांच्या, म्हणजे याच अप्पांच्या, रानातून वाट हवी होती.

तेव्हा अमृतरावांनी तिला घरी बोलावलं होतं. ओसरीवर नाही, आत. त्यांच्या बायकोनं, शिवकांताअक्कानं, घरातल्याच कपात चहा दिला आणि तसल्याच कपात स्वतःही घेतला. ज्ञानोबाला त्या दारात जन्मभर वरून ओतलेलं पाणी मिळालं होतं, ओंजळीत. "वाट आपलीच समजा," अमृतराव म्हणाले. एवढ्या मानानं मिळालेल्या शब्दाला कागद मागायला तिची जीभ उचलली नाही. घरी येऊन तिनं आधी त्या कपाचंच सांगितलं. सगळा वाडा हरखला. कागदाचं कुणाच्याच डोक्यात आलं नाही.

मग वाड्यात मयत झाली तेव्हा एकदा सोयाबीन उभं होतं, एकदा तूर. वाडा आपला रस्त्याच्या कडेला सरण रचत राहिला. यंदा रस्ता रुंद झाला आणि ती कडही गेली.

दरम्यान लुंबिनी पंचायत समितीवर निवडून आली होती. मातंग वस्तीत नळ आणण्यापासून ते मारहाणीची फिर्याद नोंदवून घेईपर्यंत ठाण्याच्या पायरीवर बसण्यापर्यंत सगळं तिनं केलं. उदगीरपर्यंतची माणसं तिला ताई म्हणत. आता जिल्हा परिषदेचा गट राखीव सुटला होता, महिलेसाठी.

फोन थरथरला. लातूरहून पक्षाचे मल्लिनाथ बोलत होते.

"ताई, कळलं. फार वाईट झालं. पण आज तीनच्या आत उमेदवारीच्या सहीला तुम्ही इथं पाहिजेत. आणि एक सांगू का, तिथं काही वाढू देऊ नका. गाडी मी पाठवतो. सासूबाईंना लातूरला न्या, नांदेडला न्या. अमृतराव आपलेच आहेत."

फोन ठेवून ती तशीच अमृतरावांकडे गेली.

"या मॅडम," ते खुर्चीतून अर्धवट उठले. "सुमनबाई लई कष्टाची बाई."

"अप्पा, एकदाच जाऊ द्या. सरीतून एकेरी जातो. झाड मोडलं तर भरून देते."

"हरभऱ्याचं काय घेऊन बसलीस." त्यांचा आवाज समजावणीचा होता. "आज मढं गेलं की उद्या वहिवाट पडली. मंग माझा नातूबी अडवू शकत न्हाई. तू वकील हायस, तुला मी काय सांगू."

"मग शब्द का दिला होता?"

"आताबी देतो की. निवडून ये, रस्ता मंजूर करून आण, सरकारनं मोल देऊन जमीन घ्यावी. लातूरला तुझं नाव मीच घातलंय. या गटात तुझ्यासारखं बोलणारं माणूस हाय कुठं?"

शिवकांताअक्का दाराशी येऊन उभ्या होत्या. त्यांच्यात मेलेल्याला बसवून पुरतात, आपल्याच रानात. "मामंजींची समाधी हाय गं तिथं बांधाला," त्या म्हणाल्या. "आपलं माणूस आपल्या मातीत, निवांत असावं वाटतं."

"आम्हालाबी तेच वाटतं, अक्का."

अक्का मान खाली घालून आत गेल्या. अमृतरावांनी पायात चपला सरकवल्या, म्हणजे बोलणं संपलं.

ती परतली तेव्हा अंगण भरलं होतं. मातंग वस्तीतली जगदेवी पुढं झाली. लुंबिनीच्या प्रत्येक मोर्च्यात ही म्हातारी पहिल्या रांगेत असायची.

"ताई, तू नुसतं हाव म्हन. सुमनला खांद्यावर घेतो अन् शिरूरला तहसीलच्या दारात ठिवतो. कसा साहेब उठून येत न्हाई बघू."

ही रीत लुंबिनीनंच त्यांना शिकवली होती. वाट मिळेपर्यंत मढं तिथून हलवायचं नाही. दुसऱ्या गावांत त्यामुळे वाटा मिळाल्याही होत्या. जगदेवीचा पोरगा विहिरीच्या कामावर दगड पडून मेला, तेव्हा मालकावर गुन्हा नोंदवायला त्यालाही असंच तहसीलपुढं ठेवलं होतं, दिवस मावळेपर्यंत. लुंबिनी बोलत होती, लोक ऐकत होते. जगदेवी पोराच्या तोंडावरच्या माशा हाकत बसली होती. गुन्हा नोंदला गेला, आणि लुंबिनीला त्या दिवशी आपण जिंकलो असं वाटलं होतं.

आता ती "हो" म्हणायला तोंड उघडणार, तोच नवरा मधे आला. अश्वजित नांदेडला रेल्वेच्या कार्यालयात कारकून. सकाळच्या पहिल्या गाडीनं आला होता.

"शिरूर न्हाई. मी शववाहिनी सांगितलीय. नांदेडला नेऊ, गोदावरीला."

"अश्वजित, आज इथून हललो तर ती वाट कधीच—"

"मंग काय करू? उन्हात ठेवू तिला? कॅमेरेवाले येतील, तू बोलशील. चांगलंच बोलशील, तू कायम चांगलं बोलतीस." त्याचा आवाज फाटला. "ती माझी आई हाय, लुंबिनी. तुझा मोर्चा न्हाई."

 लुंबिनी ज्ञानोबापुढं खाली बसली. "मामा, तुम्ही सांगा. तुम्ही म्हणाल तसं."

ज्ञानोबा सुमनबाईच्या पायाशी साडीची कड नीट करत होता. बराच वेळ करत राहिला. मग लेकाला म्हणाला, "तिला गाडी लागती रे."

एवढंच. वाटेत उलटी होईल याची काळजी, जशी ती अजून जिवंतच होती.  रस्ता, कायदा, तहसील, सगळं लुंबिनीच्या ओठांवर होतं, पण त्या म्हाताऱ्याच्या बोटांपुढं त्यातलं एकही अक्षर तिला उच्चारता येईना. तिनं मान हलवली. अश्वजितला वाटलं, नांदेडला होकार. तो होकारच होता.

बुद्धवंदना, त्रिशरण झालं. सुमनबाईला गाडीत ठेवताना जगदेवी लुंबिनीच्या अगदी जवळ आली. ओरडली नाही.

"तुझ्या सासूला ठिवायचं नव्हतं, तर माझ्या लेकराला का ठिवलं, ताई?"

लुंबिनीनं तिचा हात धरायला हात पुढं केला. जगदेवीनं तो हळूच बाजूला सारला आणि वस्तीकडं चालू लागली. तिच्यामागं बाकीचे निघाले, एकेक करून. इतकी वर्षं ही माणसं लुंबिनीच्या मागून चालली होती.

गाडी हलली. अश्वजित पुढं ड्रायव्हरजवळ, मागं ज्ञानोबा, लुंबिनी आणि तिच्या मांडीवर पाली. डांबरी लागताच मल्लिनाथांचा फोन आला.

"ताई, अमृतरावांनी कळवलं. किती समजूतदारपणा दाखवलात तुम्ही. वरच्यांना मी लगेच सांगितलं. तिकीट पक्कं समजा."

"मला नकोय," ती म्हणाली. "माझं नाव काढा."

"दुःखात असं बोलू नये. तुम्ही तुमचं सगळं आटोपा. नाव राहू देतो मी, सही काय, उद्या घेऊ."

फोन बंद झाला. नाही म्हणायचीही सोय त्यांनी ठेवली नव्हती. आणि उद्या कुणी सही घ्यायला आलंच, तर आपण हात मागं घेऊ याची तिला खात्री वाटेना. सही न करून तरी काय, अप्पा दुसरी कुणी शोधतील, गप्प बसणारी.

रस्त्यावरच्या खड्ड्यानं गाडी आदळली. ज्ञानोबानं चटकन सुमनबाईच्या डोक्याखाली तळहात घातला आणि तो तसाच ठेवला. पाली ते बघत होती. तिनं खिडकीतून मागं पडणाऱ्या गावाकडं पाहिलं, मग आज्याकडं, मग आईचा चेहरा दोन्ही हातांनी आपल्याकडे वळवून घेतला.

"आई, आबा मेले की त्यांनापण नांदेडलाच न्यायचं का?"

ज्ञानोबानं मान वर केली आणि तोही लुंबिनीकडं बघू लागला.