शेवट आधी काढला तर

बटण पांढरं, चार भोकांचं, कडेला जरासा टवका उडालेलं... आई ते दादाच्या निळ्या शर्टाला लावत होती, दोरा दातांनी तोडत होती, आणि शर्ट खिडकीतल्या उन्हात धरून बघत होती, सरळ बसलंय ना. धाकटी दारात उभी राहून केस बांधत होती. दादा जाऊन आता तिसरं वर्ष लागलं होतं, पण त्या खोलीत हे फक्त धाकटीला माहीत होतं.

"प्रवासातून येईल, बरा शर्ट तरी असू दे अंगावर घालायला," आई म्हणाली. "तू काय, तुला भूक लागली की आईची आठवण."

धाकटी पर्स उचलून कामावर निघाली.

केलेलं तिचंच, दुसऱ्या कुणाच्या माथी मारायची सोय नव्हती. विद्यापीठात ती विलयशास्त्र शिकवायची, म्हणजे माणसाच्या मनातली आठवण विरघळवून टाकायची विद्या. लोकांना वाटतं काहीतरी जादूटोणा असेल, पण काम असतं महाकंटाळवाणं. ज्याची आठवण तो सांगतो, समोरचा ऐकतो आणि तीच त्याला परत ऐकवतो — एक गोष्ट वगळून. मग पुन्हा, आणखी एक वगळून. आधी वास, मग कपडे, मग हवा, आवाज, असं कडेकडून आत. झालेल्या गोष्टीचा शेवट मात्र सगळ्यांत शेवटी काढायचा, हे पहिल्या वर्षाच्या पोरांनाही पाठ असतं.

आणि इतकी वर्षं शिकवणाऱ्या हिने शेवट आधी काढला. माया आडवी आली, दुसरं काय. आई रोज तेच सांगायची — दवाखान्यात मी थर्मास भरायला खाली गेले, तिथे रांग, वर आले तर चादर तोंडावर ओढलेली... रडणं नाही, आकांत नाही. भाजी चिरता चिरता सुरी थांबायची, आणि रांग सोडून आले असते तर, एवढंच. बघवेना. शेवटी एका दुपारी धाकटीने आईला समोर बसवलं. दादाला कशाला हात लावायचा, पोरगं राहू दे तिचं तिला, नुसता तो दवाखाना तेवढा काढू — असं म्हणून थर्मास वगळला, जिना वगळला, रांग, चादर, पलंग. मग वगळण्यासारखं काही उरलंच नाही. आईने पदराने डोळे पुसले, ते ओले का झाले हे न कळून इकडेतिकडे पाहिलं, आणि विचारलं, "दादा कुठे गं गेलाय?"

लांब गेलाय, कामाला, असं धाकटी म्हणाली. म्हणजे मीच म्हणाले. तोंडातून निघून गेलं, आणि मग ते निभावत बसणं आलं.

वर्गात आज नेमकं मागच्या बाकावरच्या मुलीने विचारलं, "मॅडम, शेवट आधी काढला तर काय होतं?"

"माणूस मरत नाही," ती म्हणाली. वर्ग हसला. तीही हसली, आणि घाईने पुढच्या धड्याकडे वळली... पुढचा धडा उजळणीचा. ऐकणाऱ्याने त्याच दिवशी ती आठवण सहकाऱ्यापुढे अथपासून इतिपर्यंत सांगायची, नाहीतर जे वगळलं ते त्याच्याही मनातून झिजायला लागतं. तिने उजळणी केली नव्हती. करणार कुणापुढे? घरच्या माणसावर ही विद्या चालवायची नाही असा कडक नियम, नोकरीच गेली असती. जिन्यात विभागप्रमुख भेटले, म्हणाले, "चेहरा उतरलाय तुमचा, घरी सगळं ठीक ना?" सांगून टाकावं, असं अगदी जिभेवर आलं. ठीक आहे सर, म्हणाली आणि पुढे गेली.

येता येता तिने ठरवलं, आज सगळाच काढायचा. दादाच काढायचा. आज ना उद्या कुणीतरी शेजारीण बोलून जाईल, आणि आईला तो पुन्हा नव्याने मरेल. त्यापेक्षा नसलेलाच बरा. मग तो एकट्या माझ्याकडे राहील. राहू दे.

संध्याकाळी तिने आईला समोर बसवलं. "दादाबद्दल सांग ना काहीतरी."

आईला तेवढंच हवं होतं. पत्त्यांत लबाडी करायचा, पकडला की शिटी वाजवायचा, स्वतःचं टाकून तुझ्या ताटातलं खायचा, तू भोकाड पसरायचीस... आई हसत होती. आता धाकटीने हे परत सांगायचं, शिटी वगळून. तिने तोंड उघडलं, आणि शिटीसकट सगळं सांगितलं, वर कुठली धून तेही सांगितलं. पुन्हा सुरुवात केली. पुन्हा काहीच वगळता येईना.

अगं, तो गेलाय, तिने स्वतःला बजावलं, आणि मन घट्ट करायला दवाखाना आठवायला गेली. जिना होता. रांग होती... होती ना? चादर कुठल्या रंगाची? मला निरोप कुणी दिला, मी तेव्हा कुठे होते? दादा गेला, हे वाक्य होतं जागच्या जागी, वर्गातल्या फळ्यावर लिहिल्यासारखं. त्याच्यामागे मात्र काहीच दिसेना. ती भयंकर घाबरली. आणि त्या भीतीच्या आत कुठेतरी तिला बरं वाटलं. फार दिवसांनी इतकं बरं वाटलं, याची तिला लाजही वाटली.

"दाराची कडी काढून ठेव," आई आत जाता जाता म्हणाली. "त्याच्याकडे किल्ली नाही."

आईचं मन राखायला ती रोजच कडी काढायची. आजही काढली. मग दार थोडं उघडून जिन्याखाली पाहत राहिली. इतका उशीर कसा झाला याला, असं तिच्या मनात आलं, आणि ते आईचं मन राखण्यासाठी नव्हतं.