बळीराम मेश्रामच्या पाच चिठ्ठ्या

आमच्या कारखान्यात माणूस कधी अख्खा जखमी होत नाही. हात जखमी होतो, पाय होतो, डोकं होतं, आणि प्रत्येकाची वेगळी चिठ्ठी निघते. पिवळी, प्रथमोपचाराची. तिच्यावर 'दुखापत झालेला अवयव' असा एकच रकाना आहे आणि तो एका अवयवापुरताच रुंद आहे. एका माणसाच्या चार चिठ्ठ्या निघाल्या तर त्या चार किरकोळ दुखापती. त्याच चार गोष्टी एका कागदावर लिहिल्या तर तो गंभीर अपघात. मग निरीक्षक येतो, त्याला खुर्ची द्यावी लागते, वर उत्तरंही द्यावी लागतात. ही पद्धत मी शोधलेली नाही. बारा वर्षांपूर्वी भिलाईजवळच्या रसमड्याच्या या रोलिंग मिलमध्ये मी सेफ्टी ऑफिसर म्हणून लागलो तेव्हा ती होतीच. माझ्या काळात फक्त अक्षर सुधारलं.

दुसरी पद्धत मात्र माझी. उंचीवर कोणी चढणार असेल तर परमिट लागतं. सुरक्षेचा पट्टा, शिडी, जाळी डोळ्यांनी पाहून मी सही करायची असते. मी सोमवारी सकाळीच आठवडाभराच्या परमिटांवर सह्या करून ठेवतो. गुरुवारचा पट्टा कसा असेल हे सोमवारी ओळखण्याचा मला चांगला सराव आहे.

बळीराम मेश्राम मंगळवारी पडला. सकाळी सव्वादहाला, शेडच्या छपरावरचा फुटका पत्रा बदलताना, शेजारच्या न फुटलेल्या पत्र्यावर पाय देऊन. सत्तावीस फूट. उंची मला पाठ आहे, कारण छपराच्या शिडीची ऑर्डर मीच काढली होती. शिडी यायची आहे.

बळीराम अठ्ठावन्न वर्षांचा, ठेकेदाराकडचा माणूस. त्याचे वडील भंडाऱ्याहून भिलाईला प्लांट बांधायला आले आणि खुर्सीपारला राहिले. मीही लहानपणी तिथेच तीन गल्ल्या सोडून राहायचो. त्याची बायको सत्यशीला मला भाऊ म्हणते. मुलगी संघमित्रा नर्सिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे. तिचा प्रवेशाचा फॉर्म मी भरला होता. बळीराम एकटाच मला साहेब म्हणायचा, तेही पगाराच्या दिवशी, चेष्टेनं.

प्लांट मॅनेजर ओमप्रकाशजींचा फोन दहा वीसला आला.

"देशकरजी, सुना कोई गिर गया?"

"हो सर. शेडवरून."

"बेल्ट पहना था?"

"नहीं सर."

"परमिट पे साइन किसका है?"

"मेरा."

"तो गिरा नहीं होगा," ते शांतपणे म्हणाले. "फिसला होगा. तेल-वेल रहता है फ्लोर पे."

मी पाच चिठ्ठ्या लिहिल्या. डोकं. छाती. पोट. कंबर. डावी मांडी. प्रत्येकीवर कारण: चालताना घसरून. पाचव्या चिठ्ठीपर्यंत ते मलाही थोडंफार पटत आलं होतं.

कंपनीचे लोक ज्या खाजगी हॉस्पिटलात जातात तिथे कंपनीच्या जीपमधून मी बळीरामला नेलं. काउंटरवरच्या मुलीनं पाच चिठ्ठ्या पाहिल्या आणि पाच नंबर दिले. कॉम्प्युटर नीट चालत होता, त्यामुळे पाच फायली तयार झाल्या. हाडांचे डॉक्टर आले, मांडीची फाइल वाचली, फळी बांधली, लिहून गेले: आमच्या बाजूने स्थिर. छातीवाल्यांनी लिहिलं, चार बरगड्या, थोडं रक्त साचलंय, आमच्या बाजूने स्थिर. पोटवाल्यांनी सोनोग्राफी सांगितली, तोवर आमच्या बाजूने स्थिर. मधे पडलेला माणूस पांढरा पडत चालला होता, पण ती कुणाची बाजू नव्हती.

अकराच्या सुमारास सत्यशीला आणि संघमित्रा आल्या. संघमित्रा कॉलेजातून तशीच आली होती, अंगात युनिफॉर्म. तिनं बापाची नाडी धरली, घड्याळ पाहिलं, मग खाटेच्या पायथ्याचा फायलींचा गठ्ठा उचलला.

"ये पाँच किसके हैं?"

"बळीराम मेश्राम," सिस्टर म्हणाली.

"पाचही?"

"पाचही."

"पप्पा तो एकच हाय ना सिस्टर," ती म्हणाली. "का घरी अजून चार हायेत, आई? मले तरी सांगायचं होतं."

सत्यशीलाला हसू आलं आणि तेवढ्यात रडूही आलं.

कॅज्युअल्टीतली डॉक्टर तरुण होती, उत्कर्षा नावाची, पद्मनाभपूरची. तिनं मात्र पाच फायली टेबलावर मांडून एक केल्या. त्या दिवशी तिथे ती पहिलीच व्यक्ती होती जिनं बेरीज केली. तिनं आम्हाला टेबलाजवळ बोलावलं.

"बघा, एकेक दुखापत वेगळी पाहिली तर माणूस वाचतो," ती म्हणाली. "सगळ्या मिळून मारतात. मांडीत रक्त जातं, छातीत जातं, पोटातही जात असेल. अंग थंड पडतं, मग रक्त गोठत नाही, मग अजून जातं. याला पॉलिट्रॉमा म्हणतात. इथे होणार नाही, रायपूरला ट्रॉमा युनिटला पाठवायला पाहिजे."

"मग पाठवा ना, ताई," सत्यशीला म्हणाली.

"तातडीनं हलवायचा कोड लागतो, काकू. व्हेंटिलेटरची गाडी एकच आहे, ती कोडशिवाय हलत नाही. आणि रायपूरवाले आधी विचारतात, व्याख्येत बसतो का."

व्याख्या भिंतीवर होती, लॅमिनेट केलेली. शरीराचे सहा भाग. कमीत कमी दोन भागांत तीन किंवा जास्त श्रेणीची दुखापत. आणि सोबत पाचांतली एक गोष्ट: वरचं बीपी नव्वद किंवा खाली, शुद्धीचे गुण आठ किंवा खाली, रक्तात आम्ल, रक्त न गोठणं, नाहीतर वय सत्तर.

"मांडी तीन, छाती तीन," संघमित्रा बोटावर मोजू लागली. "दोन भाग झाले. बीपी?"

"ब्याण्णव."

"रक्तातलं आम्ल?"

"मशीनची कार्ट्रिज संपली. मागवलीय."

"गोठायची टेस्ट?"

"सँपल बाहेर जातं. तीन तास."

"सत्तरचे असते तर?"

"तर आत्ता निघाले असते."

बारा वर्षं आधी पडल्याबद्दल बळीरामला आता काही करता येण्यासारखं नव्हतं.

व्याख्येच्या खाली, लाल अक्षरांत, हॉस्पिटलची स्वतःची एक ओळ होती: वीस फुटांपेक्षा जास्त उंचीवरून पडल्यास वरीलपैकी कशाचीही वाट न पाहता कोड द्यावा.

ती ओळ उत्कर्षानं, संघमित्रानं आणि मी एकाच वेळी वाचली. उत्कर्षानं चिठ्ठ्या उलटल्या. "चालताना घसरून," ती म्हणाली. "चालताना घसरून एवढं?"

"उतार आहे तिथे," मी म्हणालो.

ती खाटेकडे वळली. "बाबा, कुठे पडलात तुम्ही?"

बळीरामनं डोळे उघडले. मास्कमधून आवाज आला. "वरून. पत्र्यावरून."

उत्कर्षानं पुन्हा चिठ्ठी पाहिली आणि फाइलमध्ये लिहिलं: संभ्रमित. शुद्धीच्या पंधरा गुणांपैकी बोलण्याचे पाच असतात, संभ्रमित माणसाला चार मिळतात. खरं बोलल्याबद्दल त्याचा एक गुण कापला गेला. त्याचाही काही उपयोग नव्हता. आठपर्यंत यायला अजून पुष्कळ खरं बोलावं लागलं असतं.

संघमित्रा माझ्याजवळ आली. "काका, पप्पा वर चढले होते का?"

तिच्या बापाचं आयुष्य माझ्या एका 'हो'वर होतं, हे मला समजत होतं. त्याच 'हो'वर माझी सही असलेलं परमिट होतं, हेही समजत होतं. दोन्ही समजायला मला सारखाच वेळ लागला.

"नाही बेटा," मी म्हणालो. "फ्लोअरवर तेल होतं."

तिनं मान हलवली. तिला माझ्यावर शंका घ्यायचं कारण नव्हतं. तिच्या फॉर्मवर जन्मतारीखसुद्धा मी बरोबर भरली होती.

त्यानंतर आम्ही बीपीची वाट पाहिली. मशीन दर पाच मिनिटांनी दंडावरचा पट्टा फुगवायचं. ब्याण्णव. चौऱ्याण्णव. एक्क्याण्णव झालं की सिस्टर धावत येऊन सलाइन वाढवायची आणि पुन्हा चौऱ्याण्णव. चांगली सिस्टर होती ललिता, नियमानं वागणारी. तिच्यामुळे बळीराम व्याख्येच्या बाहेर टिकून होता. नाडी मात्र एकशे तीसच्या पुढे गेली होती. पण नाडी त्या यादीत नव्हती.

"हे काय करून राहिले?" सत्यशीलानं मला विचारलं. "वाढलं का चांगलं, का कमी झालं का चांगलं?"

"कमी झालं की रायपूर," मी म्हणालो.

"म्हणजे मरायले आला की नेतीन."

"मरायला आल्याचं लेखी पाहिजे, वहिनी."

ती माझ्याकडे पाहत राहिली. मला वाटतं, तिला तो विनोद वाटला. मलाही वाटला होता.

मधे ओमप्रकाशजींचा फोन आला. किती फायली झाल्या, असं त्यांनी विचारलं. पाच म्हटल्यावर ते म्हणाले, "बढ़िया. अलग-अलग ही रखवाना." मी म्हणालो, डॉक्टरीणबाईंनी एक केल्या. "नई होगी," ते म्हणाले.

दीड वाजता ललिता सिस्टर दुसऱ्या खाटेकडे गेली. उत्कर्षा फोनवर रायपूरवाल्यांशी भांडत होती: "सर, एक्क्याण्णव आहे, एका पॉइंटसाठी काय..." संघमित्रा बापाच्या उशाशी उभी होती. तिनं एकदा मागे पाहिलं. मग सलाइनच्या नळीवरची चकती अंगठ्यानं खाली सरकवली. थेंब थांबला.

मी पाहिलं. मी पाहिलं हे तिनं पाहिलं नाही.

ती मनगटावरच्या घड्याळाकडे बघत उभी राहिली, ओठ हलत होते. बळीरामचा हात तिनं दुसऱ्या हातात धरला होता. पट्टा एकदा फुगला: एक्क्याण्णव. दुसऱ्यांदा फुगला: नव्वदच्या खाली, अठ्ठ्याऐंशी. तिनं चकती वर केली आणि ओरडली, "मॅडम! अठ्ठ्याऐंशी!"

तिच्या आवाजात आनंद होता. दुसरा शब्द मला सापडत नाही.

कोड मिळाला. उत्कर्षानं चार ठिकाणी सह्या केल्या, दोन पोरं स्ट्रेचर घेऊन धावली, गाडी पावणेदोनला सुटली. मी जीपनं मागून गेलो. रायपूरला पोट उघडलं, प्लीहा काढली, तीन लिटर रक्त निघालं. चार दिवस बळीराम मशीनवर होता. आधी किडनी गेली, मग फुप्फुस, मग यकृत. तिथल्या मोठ्या डॉक्टरांनी बाहेर येऊन सांगितलं की दोन तास आधी आणला असता तर गोष्ट वेगळी होती. हे त्यांनी कुणा एकाला उद्देशून म्हटलं नाही. आम्ही तिघंही उभे होतो.

पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम खुर्सीपारला घरासमोरच्या मांडवात झाला. ठेकेदारानं खुर्च्या पाठवल्या होत्या. वंदना झाली, दोघं-तिघं बोलले. मलाही दोन शब्द बोलायला लावलं. बळीराम फार काळजीपूर्वक काम करायचा, असं मी सांगितलं. पंगती बसल्या तेव्हा संघमित्रानं मला बाजूला, नळाजवळ बोलावलं.

"काका, एक बात कोणालेच नाई सांगितली."

"बोल."

"मी ड्रिप बंद केली होती. त्या दिवशी. बीपी गिरायसाठी." ती युनिफॉर्ममध्ये नसली की फार लहान दिसते. "सहा मिनिटं. घड्याळ लावून. तो डॉक्टर बोलला ना, देर हो गई. ते देर मीच केली, काका."

नळ गळत होता. मी तो बंद केला.

दोन तास चाळीस मिनिटं माझी होती, सहा मिनिटं तिची. अकरा वाजता मी दोन शब्द बोललो असतो तर तिला ती सहा मिनिटं कधी लागलीच नसती. हे तिला तिथेच सांगता आलं असतं. मांडवात ठेकेदार जेवत होता. पंचनाम्यात 'घसरून' लिहून झालं होतं, शिपायानं माझंच वाक्य उतरवून घेतलं होतं.

"सहा मिनिटांनी काही होत नाही, बेटा," मी म्हणालो. या प्रकरणात मी बोललेलं हे एकच वाक्य वैद्यकीयदृष्ट्या बरोबर आहे.

"सच में?"

"खरंच."

तिनं डोळे पुसले, पण चेहरा मोकळा झाला नाही. "मी परीक्षेले नाई बसणार. मले पेशंटले हात लावायची भीती वाटून राहिली."

मी तिच्या खांद्यावर थोपटलं आणि पंगतीत येऊन बसलो. सत्यशीला वाढत होती. माझ्याजवळ येऊन ती वाकली आणि हळूच म्हणाली, "पोरगी शिकणं सोडतो म्हणते, भाऊ. कावून, तं काही सांगत नाई. तुमचंच आयकते ते. तुम्हीच समजवा."

"समजावतो," मी म्हणालो, आणि भातावर वरण घ्यायला पत्रावळ पुढे केली.