पंखा नसलेलं विमान, वशिंड नसलेले बैल

मी विमान बोलतोय. अहो, वर काय बघताय? मी आभाळात नाही. कोलाडच्या अलीकडे, मोठ्या रस्त्यापासून बरंच आत, खांबेवाडी नावाचं गाव आहे. तिथल्या रंभाबाईंच्या घरात, माळ्यावर, भाताच्या कणगीशेजारी मी बसलोय. अंगात कागदाचा लगदा, डिंक आणि खडूची पूड. आत बांबूच्या कामट्या. आणि तरी मी लढाऊ विमान आहे म्हटलं! हसा, हसा. मला पाहून न हसलेला माणूस मी आयुष्यात एकच पाहिला. माझी गोष्ट त्याचीच आहे.

त्याचं नाव महिपती. एकोणपन्नास सालच्या आषाढात तो पेणला शिवा मूर्तिकाराच्या कारखान्यात येऊन उभा राहिला. आषाढात पेणला कुणाला श्वास घ्यायला फुरसत नसते. गणपती ओळीनं वाळत पडलेले, कुणाला सोंड नाही, कुणाला हात नाहीत. त्यात हा म्हणतो, "मला विमान करून दे. जर्मनचं. आणि ते ओढायला दोन बैल."

शिवानं ब्रश खाली ठेवला. "दादा, विमानाला बैल कशाला?"

"ओढायला. मी सोताच ओढायचो."

शिवा भला माणूस. वेड्याशी वाद घालू नये, एवढं त्याला कळत होतं. महिपतीनं जमिनीवर कोळशानं मला काढून दाखवलं. दोन पंख, पंखांखाली इंजिनांची दोन लांबट नळकांडी, नाक शार्कमाशासारखं, नाकात चार तोफा. शिवानं तसंच घडवलं. मग माझ्या नाकावर एक सुबक पंखा बसवला, आणि बैलांच्या मानेमागे दोन डौलदार वशिंडं उभी केली.

महिपती बघायला आला आणि कपाळाला हात लावून बसला. "पंखा काढ. वशिंडं पण काढ."

"पंख्याशिवाय विमान?"

"याला पंखा नसतो. आणि तिकडच्या बैलांना वशिंड नसतं."

शिवानं पंखा काढला. वशिंडं खरवडली. दोन दिवसांनी महिपती पुन्हा येऊन बघतो तर वशिंडं परत जागेवर! शिवाचा तरी काय दोष? पिढ्यान्‌पिढ्या ज्या हातांनी नंदी केले, ते हात बैल दिसला की वशिंड काढणारच. तिसऱ्या वेळी महिपती शेजारी बसून राहिला, तेव्हा कुठे पाठी सपाट झाल्या. मात्र तो लघवीला म्हणून बाहेर गेला तेवढ्यात शिवानं माझ्या नाकाच्या दोन्ही बाजूंना डोळे आखले. गणपतीचे असतात तसे, लांबट, मायाळू. पेणच्या कारखान्यातून डोळ्यांशिवाय वस्तू बाहेर पडत नाही. चार तोफांवर इतके प्रेमळ डोळे असणारं लढाऊ विमान जगात मी एकटाच असेन. पण त्या डोळ्यांमुळेच मी पुढचं सगळं पाहू शकलो, म्हणून माझी तक्रार नाही.

आता महिपतीला हा उद्योग सुचला कशासाठी, ते सांगतो.

महायुद्धात तो पलटणीत होता. बेचाळीस साली आफ्रिकेच्या वाळवंटात पकडला गेला, तिथून इटली, तिथून जर्मनी. शेतकरी आहे म्हटल्यावर कैद्यांच्या छावणीतून त्याला एका शेतावर बैल हाकायला धाडलं. शेतावरचे बाप्ये सगळे लढाईवर गेलेले. तिथं होती एक मालकीण. लढाई संपून वर्ष होत आलं तेव्हा कुठे महिपती घरी पोचला. गाव वेशीवर जमलं. आणि या बहाद्दरानं पहिल्याच दमात काय सांगावं? "पंखा नसलेलं विमान पाह्यलं. बैलांनी ओढलं."

झालं! गावाला तेवढंच पाहिजे होतं. हैबतराव, गावचे पाटील आणि चावडीवरचे मुख्य हसणारे, म्हणाले, "कैदी होता हे कबूल, कागद हाय. पण एवढा उशीर कशाचा? ती मालकीण केवढ्याची होती रं?"

"सत्तरीची म्हातारी."

"व्हय व्हय. आणि विमानाला पंखा नव्हता!"

घोळ आला का ध्यानात? जो पंख्याची थाप मारतो, तो मालकिणीच्या वयाचीही मारणार, असा गावाचा हिशोब ठरला. रंभाबाईंनी हे सगळं ऐकलं. चार वर्षं त्यांनी कुंकू लावून वाट पाहिली होती, 'बेपत्ता' असा कागद आला तरी पुसलं नव्हतं. त्या नवऱ्याला काहीच बोलल्या नाहीत. भाकरी वेळेवर, आंघोळीला पाणी कढत. फक्त त्याच्याकडे बघून हसायच्या त्या थांबल्या. महिपतीला गावाचं हसणं चालत होतं. घरातलं हे न हसणं त्याला सोसेना. मला घडवलं ते गावासाठी नव्हे, त्या एका बाईसाठी.

त्यात हैबतरावांनीच थट्टेत वाट करून दिली. "यंदा गणपतीपुढं देखावा महिपतीचा! हसून हसून मोदक तरी पचतील."

पेणहून मी निघालो तो बैलगाडीतून, गवताच्या गादीवर. ताशी आठशे-साडेआठशे किलोमीटर जाणाऱ्या खानदानातला मी; कासूपर्यंत यायला सकाळची दुपार झाली. नागोठण्याला पुलावर गाडी थांबली तर चहावाला म्हणाला, "विमान बैलगाडीत?" महिपती म्हणाला, "त्याची सवय हाय याला."

वाटेत तो माझ्याशीच बोलत होता. माझं खानदान मला त्याच्याकडूनच कळलं. माझे ते मोठे भाऊबंद उडताना मागून जाळ टाकायचे आणि कानठळ्या बसतील अशी शीळ घालायचे. जर्मन लोक त्यांना पाकोळी म्हणत, त्या चपळ पाखरावरून. आभाळात त्यांना गाठणारं शत्रूकडे काही नव्हतं. बॉम्ब टाकायला आलेल्या मोठ्या विमानांच्या थव्यात शिरायचे, चार तोफा धडाडायच्या, की पसार. हे झालं कौतुक. आता घरातलं ऐका. चांगला धातू मिळेना म्हणून त्यांची इंजिनं दहा-वीस तासांत दम टाकायची. आपल्याकडे भातलावणी करणारी बाई त्याहून जास्त टिकते. विमान तयार होत आलं तेव्हा जर्मनांच्या सर्वांत वरच्या साहेबानं हट्ट धरला की यानं पाठलाग नको, बॉम्बच टाकायचे. त्यात वेळ गेला तो गेला. आणि उतरताना ते इतके मंदावायचे की शत्रूची पंखेवाली विमानं धावपट्टीवर घारीसारखी टपून बसायची. महिपतीनं दोन पडताना पाहिली. एकातल्या वैमानिकानं आदल्या दिवशी त्याला अर्धी सिगारेट दिली होती.

शेवटी शेवटी तेल संपलं. विमानं झाडीत लपवलेली, धावपट्टी दूर. तिथवर इंजिन चालवलं तर उडायला तेल उरेना. मग आजूबाजूच्या शेतांवरून बैल मागवले. महिपती आणि त्याच्या मालकिणीचे दोन बैल अशी नेमणूक झाली. जगातलं सर्वांत वेगवान विमान, आणि त्याच्यापुढे रोहा तालुक्यातला माणूस पायी चालतोय! गावाच्या जागी मी असतो तर मीही विश्वास ठेवला नसता.

गणपती बसले. मखराशेजारी माझ्यावरचा कपडा हैबतरावांनीच ओढला. आणि अशी काही हशाची लाट उठली की समईची ज्योत हलली.

"अरे, याला पंखा नाय, बैलांना वशिंड नाय!" हैबतराव डोळे पुसत म्हणाले. "आता म्हण, जर्मन माणसाला डोकं नाय!"

"खालच्यांना होतं," महिपती म्हणाला. "वरच्याला नव्हतं."

शाळेचे दामोदर मास्तर रोह्याचे, शिकले-सवरलेले, इनामदारांच्या घरातले. त्यांनी चष्मा सावरून माझी तपासणी केली. "महिपतराव, पंखा हवा कापतो म्हणून विमान पुढे जातं. पुस्तकात आहे."

"मास्तर, दिवाळीत बाण सोडता ना? त्याला कुठं पंखा असतो?"

"बाणात माणूस बसवतात का?"

पुन्हा हशा. महिपतीनं मान खाली घातली. त्याला वाटलं होतं, डोळ्यांनी बघितलं की लोक मानतील. कसलं काय! आता थापेला आकार मिळाला, रंग मिळाला, वर डोळेसुद्धा मिळाले. माझा जीव अगदी कानकोंडा झाला. मी त्याची साक्ष द्यायला आलो होतो, आणि मीच त्याचं हसं करत होतो.

दुसऱ्या दिवशी भर दुपारी, मंडपात कुणी नसताना, रंभाबाई आल्या. मागून महिपती आला. त्या बराच वेळ माझ्याकडे बघत राहिल्या.

"अवो, एक पंखा लावा याला," त्या हळूच म्हणाल्या. "काय जाईल तुमचं? गाव गप होईल."

"खोटा पंखा लावून खरा ठरू होय?"

 मग त्यांनी बैलाच्या पाठीवरून बोट फिरवलं. जिथं शिवानं खरवडलं होतं तिथं रंग जरा फिका होता. रंभाबाईंनी जन्मभर नवऱ्याला आणि त्याच्या आधी बापाला बैलाबरोबर चालताना पाहिलेलं. आमच्याकडचा माणूस बैलाशेजारून चालतो तेव्हा त्याचा हात वशिंडावर असतो; बैलालाही बरं वाटतं, माणसालाही.

"मग हात कुठं ठेवायचात?" त्यांनी विचारलं.

एवढ्या वर्षांत हा प्रश्न कुणी विचारला नव्हता. पाटलांनी नाही, मास्तरांनी नाही. महिपती खालीच बसला.

"जागाच नव्हती गो," तो म्हणाला. "पयल्या दिवशी बैल जुपले, चालायला लागलो, हात आपसूक गेला तिथं. तर काय नाय. हात पडला खाली. लढाईत नाय रडलो, पकडलं तवा नाय रडलो. त्या दिवशी रडलो. तवा मला कळलं मी घरापासून किती लांब हाय ते. मालकिणीला वाटलं बैलानं लाथ मारली."

 पदरानं डोळे टिपून रंभाबाईंनी जे म्हटलं, ते मी विसरणार नाही.

"लबाड माणूस गोष्टीत भर घालतो. हैबतरावांच्या शिकारीच्या गोष्टीतल्या वाघाची शेपूट दर वर्षाला हातभर वाढते. तुमी मात्र आल्यापासून काढतच सुटलाय. विमानाचा पंखा काढला, बैलाचं वशिंड काढलं. उणं सांगणारा माणूस खोटा कसा असंल?"

महिपतीनं मान वर केली.

"आणि ती मालकीण? खरंच म्हातारी होती?"

"तोंडात एक दात नव्हता गो."

"बघा! तिथं पण कमीच," असं म्हणून रंभाबाई हसल्या. अशा हसल्या की पदर तोंडात कोंबावा लागला. महिपतीही हसायला लागला, आणि हसता हसता त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. मी दोन्ही डोळ्यांनी पाहिलं हे. शिवाचे उपकार.

विसर्जनाच्या दिवशी हैबतराव म्हणाले, "हे पण बुडवा गणपतीबरोबर, पुढल्या वर्षी पंखेवालं आणू." रंभाबाई पुढे झाल्या. "हात लावायचा नाय. आमच्या घरचं हाय ते." मला त्यांनी काखोटीला मारलं, बैल डोक्यावरच्या टोपलीत घेतले आणि भर मिरवणुकीतून उलट दिशेनं चालत्या झाल्या. वाजंत्रीवाल्यांचाही ठेका चुकला.

पाचेक वर्षांनी दामोदर मास्तर घामाघूम होऊन दारात उभे राहिले. रोह्याच्या वाचनालयात एक इंग्रजी साप्ताहिक त्यांच्या हाती लागलं होतं. "महिपतराव, मी चुकलो. सगळं छापलंय. पंखा नव्हता, गुरंसुद्धा जुंपत होते." मग घसा खाकरून म्हणाले, "मात्र अगदी पहिलं विमान तपासलं तेव्हा नवी इंजिनं तयार नव्हती, म्हणून नाकावर पंखाच लावला होता, असंही यात आहे. म्हणजे मी अगदीच चूक नव्हतो." मास्तर ते मास्तरच.

"मास्तर, ते आमच्या घरात कवाच ठरलंय," रंभाबाई आतून म्हणाल्या. "बसा, चा टाकते."

महिपती गेला त्यालाही आता बरीच वर्षं झाली. माझं म्हणाल तर डाव्या इंजिनात गांधीलमाशीनं घर केलंय, एक तोफ उंदरानं खाल्ली, रंगाचे पोपडे निघतात. डोळे मात्र शाबूत आहेत. तुमच्यापैकी कुणी हौशी पाहुणा कधी या माळ्यावर चढलाच, तर एवढंच मागणं: माझ्यात जे कमी आहे ते भरून काढू नका. पंखा लावू नका, वशिंडं चिकटवू नका. आम्ही कमी आहोत म्हणूनच खरे आहोत.

दर भाद्रपदात रंभाबाई शिडी धरत धरत वर येतात. आता नव्वदीला टेकल्या, त्यांच्याही तोंडात दात नाही. फडक्यानं आधी मला पुसतात, मग बैलांना. पुसून झालं की त्यांचा हात डाव्या बैलाच्या पाठीवर जातो, मानेच्या जरा मागे, जिथं काहीच नाही तिथं. आणि बराच वेळ तो हात तिथंच असतो.