चुकलं आई

भाविका मला उलटं बोलायची थांबली, तिथंच मला वास आला. सून म्हणून आल्यापासून जिच्या तोंडाला कधी कुलूप लागलं नाही, ती एकाएकी "हो आई, चुकलं आई" करायला लागली. कालवण पाणचट झालंय म्हटलं, तर मुकाट्यानं टोप परत चुलीवर. पूर्वीची भाविका म्हणाली असती, "मग तुम्हीच करा." असली बाई गोड झाली की समजावं, घरातलं काहीतरी गेलंय. मी गळ्यातलं चाचपलं. होतं. कपाटातल्या पाटल्या बघितल्या. होत्या.

गेली होती ती माझी ठेव.

कोन गावची आमची जमीन रस्त्यात गेली, तेव्हा आमच्या ह्यांनी आलेले पैसे पनवेलच्या सहकारी बँकेत माझ्या नावावर ठेवले. ते आहेत तोवर कोणापुढे हात पसरायचा नाही, एवढाच माझा तोरा. मुदत संपली म्हणून बँकेत गेले, तर मॅनेजरनं आधी चहा मागवला. बँकेत फुकटचा चहा! मी कपाला बोट लावलं नाही.

"आजी, तुमच्या मुलानं, निकेशनं, डंपरचं कर्ज घेतलंय ना, त्याला तुमची ठेव तारण आहे. हप्ते थकले. बँकेनं ठेव कर्जात वळती करून घेतली."

"कोनी दिली तारन?"

"तुम्हीच. हा तुमचा अंगठा."

"मी सही करते, बाबा. शिकले तवापासून अंगठा नाय दिला कुठं."

"आणि ही साक्षीदाराची सही. तुमच्या सूनबाईंची."

घरी येऊन निकेशला धरलं. मोबाईलमधून मान वर न काढता तो म्हणाला, "तूच दिलास, आये. वय झालं, इसरतेस आता." भाविका पाठमोरी भांडी घासत होती. मी मनात म्हटलं, हे सगळं हिचंच. माझा पोरगा डंपर चालवील, एवढं डोकं कुठून चालवील?

मी बँकेवर केस केली. कादंबरी नावाची वकीलबाई आमच्या नेरे गावच्या पाहुण्यांतली, पण बँकेच्या वकिलाशी हसून बोलायची, म्हणून तिच्यावरही माझा डोळा होता. एक दिवस ती म्हणाली, "आजी, तुम्ही समजून अंगठा दिलात असं बँकेचं म्हणणं आहे. साक्षीला त्यांनी तुमच्या सुनेलाच बोलावलंय."

"मग बुडालेच मी," म्हटलं.

तारखेला भाविका पिंजऱ्यात उभी राहिली. माझ्याकडे बघितलं नाही. निकेश मागच्या बाकावर होता. बँकेच्या वकिलानं गोड आवाजात विचारलं, "तुमच्या सासूबाईंनी कागद समजून घेऊनच अंगठा दिला ना?"

"नाही," भाविका म्हणाली. "त्या दिवशी आईंचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं होतं. डोळ्याला पट्टी होती, औषधाची गुंगी होती. निकेशनं हॉस्पिटलचा कागद आहे म्हणून सांगितलं आणि अंगठा घेतला. कागद कसला आहे ते मला माहीत होतं. तरी मी सही केली."

"खोटं बोलते ती!" निकेश उठून ओरडला. जजसाहेबांनी त्याला खाली बसवलं.

मला मात्र आठवलं. त्या दिवशी अंगठ्याला काहीतरी ओलं लागलं होतं, आणि माझ्या पोरानं तो स्वतःच्या रुमालानं पुसून दिला होता. हळूहळू, घासून घासून. किती माया करतो म्हणून मी त्याला आशीर्वाद दिला होता.

निकाल पुढच्या तारखेवर गेला. निकेश आम्हाला तिथंच टाकून गाडी घेऊन निघून गेला. आम्ही दोघी बसनं आलो. वाटेत ती खिडकीबाहेर बघत होती, मी समोर. संध्याकाळी तिनं ताट वाढलं. निकेशचंही वाढलं, पण तो आला नाही.

पहिलाच घास घेतला आणि मी म्हटलं, "मीठ जास्त झालंय."

"चुकलं आई."

"बस हितं," मी म्हटलं. ती बसली. "तू सही केलीस, ती मी मरेपरत इसरनार नाय. आनि आज बोललीस, तेबी इसरनार नाय. पन हे 'चुकलं आई' आता बंद. मीठ जास्त झालं म्हटलं तर सांगायचं, तुमीच करा. या घरात मना खरं सांगनारं एकच तोंड उरलंय. ते गप बसलेलं मना चालायचं नाय."