पाठमोऱ्या बाईचं वाक्य

रविवारी दुपारी दोन वाजता पोर्ट टारनीच्या सार्वजनिक हॉलमध्ये 'वजनकाटा' हा जुना चित्रपट दाखवणार होते, आणि ॲव्हरिलच्या मैत्रिणीला, ग्लेनिसला, ते अजिबात पसंत नव्हतं.

"काय अडलंय तुझं?" गाडी चालवता चालवता ती म्हणाली. "बेचाळीस वर्षं तो अमेरिकी आवाज ऐकला नाहीस, मग आता एकाहत्तराव्या वर्षी कशाला? आजारी पडशील."

"आजारी कशाला पडू? हसू की दोघी," ॲव्हरिल म्हणाली. "माझ्या तोंडातून कोण कुठली कॅलिफोर्नियाची बाई बोलणार. फुकटची करमणूक."

"मला नाही हसू यायचं."

"तुला कधी येतं? दर गुरुवारी विनोद मीच करते आणि हसतेही मीच."

ॲडलेडपासून दोन तास झाले होते. दोन्ही बाजूंना कापणी झालेली जवाची शेतं पसरली होती, आणि धान्याची उंच पांढरी कोठारं दिसायला लागली की टारनी आलं हे ॲव्हरिलला लहानपणापासून माहीत होतं.

ॲव्हरिल ट्रेगेन्झाचा चेहरा त्या देशात घराघरांत ओळखीचा होता, पण ज्या कामासाठी तिला ओळख हवी होती त्यासाठी नव्हे. टीव्हीवरच्या एका मालिकेत तिने एकोणीस वर्षं नर्सचं काम केलं. अजूनही दुकानात बायका तिला अडवून गुडघेदुखीवर औषध विचारत. तिने लिहिलेला, दिग्दर्शित केलेला आणि स्वतः मुख्य काम केलेला 'वजनकाटा' मात्र कोणाच्याच लक्षात नव्हता.

चित्रपट तिच्या आईवर होता. आयव्ही टारनीच्या बंदरावर जवाचे ट्रक वजन करायची. नवरा मासेमारीला गेला तो परत आला नाही. तरी ती रोज संध्याकाळी दोन कप चहा ओतायची आणि दुसरा कप गार झाला की खिडकीतून फेकायची. टारनीची ती जुनी, खाणकामगारांच्या वंशातली बोली, शब्दांची शेपटं गिळणारी आणि मधलेच स्वर लांबवणारी, ॲव्हरिलने कागदावर जशीच्या तशी उतरवली होती. चित्रपटात गोष्ट अशी फारशी नव्हतीच. जे काही होतं ते त्या बोलण्यात होतं.

एकोणीसशे एकोणऐंशीच्या नोव्हेंबरात, चित्रीकरणाच्या शेवटच्या दिवशी, निर्माता रॉली किटो कागद घेऊन आला आणि ट्रकच्या बॉनेटवर पसरून म्हणाला, "वाचायचं असेल तर वाच हं बाई." म्हणताना हसला. त्या लोकांत मित्राने पुढे केलेला कागद वाचायचा नसतो. पाहुणे गेल्यावर चमचे मोजण्यासारखंच आहे ते. ग्लेनिस बाजूलाच उभी होती. "अगं कर की सही," ती म्हणाली, "बिअर गरम होतेय." ॲव्हरिलने सही केली.

'परदेशी विक्रीसाठी आवश्यक ते बदल' हे शब्द त्या कागदात होते. पुढच्या वर्षी चित्रपट अमेरिकेत विकला गेला. तिकडच्या लोकांना ही बोली कळणार नाही म्हणून सगळ्यांचे आवाज पुसून अमेरिकी आवाज भरले. तिथल्या एका समीक्षकाने लिहिलं की नायिकेचा चेहरा एका बाईचा आहे आणि आवाज दुसरीचाच. मग तीच प्रत इकडेही आली, फिल्म धुणारी प्रयोगशाळा बंद पडली तेव्हा मूळ आवाजाच्या पट्ट्या कुठेतरी हरवल्या, आणि ॲव्हरिलला तीस वर्षं कोणी दुसरा चित्रपट करू दिला नाही.

ग्लेनिस त्या काळात नटी म्हणून नशीब काढायला लॉस एंजेलिसला गेली होती. तिथून तिचं पत्र आलं. 'मी रॉलीशी कडाकडा भांडले गं. पुन्हा त्याचं तोंड बघणार नाही.' ॲव्हरिलने ते पत्र जपून ठेवलं होतं. सगळं जग फिरलं तरी एक माणूस आपल्या बाजूने भांडलं, एवढ्या आधारावर तिने किती वाईट दिवस काढले असतील! ग्लेनिस परत आल्यापासून दर गुरुवारी दोघी सेमाफोरला, ग्लेनिसच्या घराजवळच्या समुद्रावर बसून पेस्टी खात. बटाटा, सलगम आणि मटण भरलेली, कडेने जाड मुरड घातलेली, आयव्ही करायची तशी.

हॉलच्या दारात लिएन उभी होती. ही तरुण मुलगी चित्रपट-संग्रहालयात काम करायची. तिनेच वर्षभर खपून मूळ निगेटिव्हवरून चित्र स्वच्छ केलं होतं.

"चित्र बघाल तर रडाल, ॲव्हरिल," ती म्हणाली. "पण आवाज तोच, अमेरिकी प्रतीतला. नंतर चहाच्या वेळी मी गावकऱ्यांना विचारणार आहे, कोणाच्या माळ्यावर एखादी टेप आहे का. जूनमध्ये आम्ही प्रत कायमची पक्की करतो. तोवर काही मिळालं नाही तर पुढे जगात हाच आवाज राहील."

"कोणाकडे काही नसणार," ग्लेनिस म्हणाली.

"विचारायला काय जातं?" ॲव्हरिल म्हणाली.

दिवे गेले. पडद्यावर अठ्ठावीस वर्षांची ॲव्हरिल काट्याच्या खोलीतून बाहेर आली, ट्रकवाल्याकडे बघून तोंड उघडलं, आणि कोणा परक्याच बाईचा आवाज घुमला. हॉलमध्ये हशा पिकला. ॲव्हरिलही हसली. मागून एक म्हातारा ओरडला, "आयव्हीला ऐकवू नका रे हे, थडग्यातून उठून येईल!"

दहाएक मिनिटांनी ॲव्हरिलचं हसणं थांबलं.

आवाज परका होता, पण श्वास ओळखीचा होता. आणि प्रत्येक 'स'च्या मागे एक बारीकशी शिट्टी होती. सतरा वर्षांची असताना ॲव्हरिलने टारनीच्या धक्क्यावरून ग्लेनिसला पाण्यात ढकललं होतं आणि लोखंडी शिडीवर आपटून ग्लेनिसचा पुढचा दात तुटला होता. पुढे तिने त्यावर टोपी बसवून घेतली, पण ती परत आल्यावर. त्याआधीची सोळा-सतरा वर्षं ग्लेनिसचा 'स' असाच निसटायचा.

काहीतरीच, ॲव्हरिलने स्वतःला समजावलं. तुटक्या दाताच्या बायका अमेरिकेत काय कमी आहेत?

तिने शेजारी बघितलं. ग्लेनिस पडद्याकडे बघत नव्हती. आपल्या हातांकडे बघत होती.

मग शेवटचं दृश्य आलं. बाई धक्क्यावर पाठमोरी उभी आहे, हातात कप, समोर समुद्र. त्या दिवशी वारा एवढा होता की कॅमेऱ्याबरोबर काही टिपता येईना. म्हणून आवाज टिपणाऱ्या डेसने नेहमीसारखं ॲव्हरिलला ट्रकच्या आडोशाला नेलं आणि कॅमेऱ्याशिवाय नुसत्या आवाजात तिची वाक्यं म्हणून घेतली. तेव्हा संहितेत नसलेलं एक वाक्य तिच्या तोंडून गेलं. आई खिडकीपाशी, परत न आलेल्या नवऱ्याला उद्देशून पुटपुटायची ते. नंतर संकलन करताना तिने ते वापरलं नाही. ते आईचं होतं, लोकांना द्यायचं नव्हतं. तिच्या मूळ चित्रपटात तिथे फक्त वारा होता.

आणि आता, बेचाळीस वर्षांनी, पडद्यावरची पाठमोरी बाई बोलली:

"चहा ओतून टाकतेय, लेन. आता नको रुसूस."

हे वाक्य त्या टेपवर होतं, आणि ते ऐकलेली माणसं तिघंच. ती स्वतः. डेस, तो केव्हाच वारला. आणि वही घेऊन शॉटमागून शॉट जुळतो की नाही हे बघणारी ग्लेनिस. इतकं नेमकं ॲव्हरिलच्या ओठांवर बोलायचं तर ग्लेनिसने मूळ टेप ऐकलेल्याच असणार.

चित्रपट संपला. लोक उठून टाळ्या वाजवत होते.

हॉलच्या मागच्या अंगणात गावच्या बायकांनी चहा मांडला होता. चॉकलेटमध्ये बुडवून खोबऱ्यात घोळवलेले केकचे चौकोन, स्कोन, जॅम. एका बाईने ॲव्हरिलच्या हातात बशी कोंबली. "खा गं, टीव्हीवर जाड दिसायचीस, आता किती वाळलीस!" ॲव्हरिल बशी घेऊन पाण्याच्या टाकीपाशी गेली. ग्लेनिस तिथेच होती.

"टेप कुठे आहेत?" ॲव्हरिलने विचारलं.

ग्लेनिसने 'कसल्या टेप' असं विचारलं नाही. ॲव्हरिलला वाटलं होतं, निदान तेवढं तरी विचारेल.

"शेडमध्ये. लाल सुटकेसमध्ये."

"सेमाफोरला? तुझ्या शेडमध्ये? दर गुरुवारी मी जिथे सायकल लावते तिथे?"

"ॲव्ह, ऐक."

"प्रयोगशाळेत हरवल्या म्हणून मी वर्षभर रडले. तू माझ्या डोक्यावरून हात फिरवत होतीस गं!"

"रॉलीने पाठवल्या होत्या मला. ऐकून तालीम करायला." ग्लेनिसचा आवाज खाली गेला. "आठ महिने मी तिकडे लोकांची घरं पुसत होते. एकही काम मिळालं नव्हतं. तो म्हणाला, कोणीतरी करणारच आहे, तू निदान तिचा श्वास ओळखतेस. मला ते खरं वाटलं."

"आणि भांडले म्हणून लिहिलंस ते?"

"भांडले होते. एक दिवस."

"दुसऱ्या दिवशी माईकपुढे उभी राहिलीस."

"हो."

"केसाने गळा कापलास माझा. परत तरी द्यायच्यास टेप!"

"द्यायला गेले असते तर कुठून आल्या ते सांगावं लागलं असतं. पहिल्या वर्षी जमलं नाही. मग दर वर्षी आणखी कठीण होत गेलं." ग्लेनिसने बशी टाकीच्या कठड्यावर ठेवली. "आणि तू मला विचारलं नाहीस म्हणून सांगते. तो रोल माझा होता."

"काय?"

"विसरलीस? माझ्या स्वयंपाकघरात बसून लिहायचीस. एकेक पान झालं की मला म्हणायला लावायचीस. 'हे तुझ्या तोंडासाठी लिहितेय ग्लेन,' असं म्हणाली होतीस. मग एक दिवस येऊन सांगितलंस की काम मीच करणार, तू वही सांभाळ."

"रॉलीला ओळखीचा चेहरा हवा होता."

"तेव्हा कोण ओळखत होतं तुला?"

खरंच कोणी ओळखत नव्हतं. ती गोष्ट ॲव्हरिलने इतक्या वेळा रॉलीवर ढकलून सांगितली होती की तिची तिलाच खरी वाटायला लागली होती.

"म्हणून चोरलास माझा आवाज," ती म्हणाली.

"एकदाच तो रोल करायचा होता मला," ग्लेनिस म्हणाली. "अमेरिकी का होईना."

परतीच्या वाटेवर ॲव्हरिल लिएनच्या गाडीत बसली.

मंगळवारी ती लिएनला घेऊन सेमाफोरला गेली. सुटकेस फाटकापाशीच काढून ठेवली होती. खिडकीच्या पडद्यामागे कोणीतरी हललं. ॲव्हरिल आत गेली नाही, आणि आतून कोणी बाहेर आलं नाही.

त्या काळच्या टेप चिकट होतात, लावल्या तर फाटतात. त्या आधी मंद भट्टीत तासन्‌तास शेकाव्या लागतात. "पेस्टीपेक्षा मंद आच," लिएन म्हणाली. ॲव्हरिल हसली नाही. दुसऱ्या दिवशी लिएनने पहिली टेप लावली. वारा आला, सीगल आले, एक ट्रक गुरगुरत गेला, आणि मग तिचा स्वतःचा आवाज आला. टारनीचा, शेपटं गिळणारा. ॲव्हरिलने डोळे मिटले. सतरा टेपांपैकी पंधरा वाजल्या. चित्रपटाला पुरेसं होतं.

शेवटच्या टेपवर तिने आईचं वाक्य म्हटलेलं होतं. त्यानंतर डेसचा आवाज, "छान, झालं." दूर जाणारी तिची पावलं. लिएन मशीन बंद करणार तोच टेपवर कोणीतरी हळूच म्हणालं, "डेस, एकदा मी म्हणून बघू? तिला सांगू नकोस हं."

"चल, लवकर," डेस म्हणाला.

वारा थोडा पडला होता. "चहा ओतून टाकतेय, लेन. आता नको रुसूस."

त्या शिट्टीसकट, टारनीच्या बोलीत. त्यात रडू नव्हतं. थोडी चीड होती, थोडी थट्टा होती, आणि कप रिकामा करून सिंकमध्ये ठेवावा तसं ते वाक्य संपलं. आयव्ही अगदी असंच म्हणायची. ॲव्हरिलचं वाक्य त्याच्या शेजारी ठेवलं तर नाटकासारखं वाटत होतं.

लिएन वळून बघत राहिली. "ही कोण?"

"वही सांभाळणारी," ॲव्हरिल म्हणाली. मग तिने नाव सांगितलं, "ग्लेनिस फॉल्डिंग. जिच्यासाठी मी ही भूमिका लिहिली, ती हीच."

"मग शेवटच्या दृश्यात काय घालू? तुमचं, की हिचं, की मूळ होता तसा नुसता वारा?"

ॲव्हरिलने टेप पुन्हा लावायला सांगितली. पुन्हा ऐकली. चांगलं काय आणि वाईट काय हे तिला पन्नास वर्षं कळत होतं, तेवढं एकच तिला कोणाकडून शिकावं लागलं नव्हतं.

"वारा," ती म्हणाली.

"आणि हिची टेप?"

ॲव्हरिलने खोक्यावरचं लेबल ओढून घेतलं आणि पेनने नाव लिहिलं, पूर्ण, स्वच्छ अक्षरात. "ठेवून दे. फेकू नकोस. पण वाजवूही नकोस, मी आहे तोवर."

गुरुवारी ती बेकरीत गेली. काउंटरवरच्या बाईने न विचारताच पिशवीत दोन पेस्ट्या टाकल्या. ॲव्हरिलने एक काढून परत ठेवली.

"का हो? ग्लेनिस बाहेरगावी गेली का?"

"नाही," ॲव्हरिल म्हणाली. "इथेच आहे."